तिसरा ग्रँडमास्टर

ताईसाठी दाजींचं स्थळ आलं तेव्हा आमच्या वडिलांनी त्यांना एकच प्रश्न विचारला, नोकरी कुठे? दाजी म्हणाले, नोकरी नाही, मी बुद्धिबळ खेळतो. वडील म्हणाले, ते झालं संध्याकाळचं, दिवसा काय करता? दाजी म्हणाले, दिवसा सराव करतो. वडिलांनी ताईकडे पाहिलं. ताई मान खाली घालून गालातल्या गालात हसत होती, म्हणजे प्रकरण आमच्या हाताबाहेर गेलेलं होतं.

तेव्हा दाजी खरोखरच मोठे होते, हे मी त्यांचा मेहुणा असूनही मान्य करतो. तेविसाव्या वर्षी ग्रँडमास्टर. त्याच्या पुढचं वर्ष तर असं गेलं, की भलेभले त्यांच्यासमोर बसायचं म्हटलं की आदल्या दिवशी उपाशी राहायचे. हल्ल्यासाठी घोडा काय द्यायचे, हत्ती काय द्यायचे, हातचं राखून ठेवणं माहीतच नव्हतं. वर्तमानपत्रात फोटो आला, गालाखाली मूठ, नजर पटावर. तो फोटो चौकटीत बसवून ताईनं दिवाणखान्यात लावला आणि त्याच्यावरची धूळ ती अजून स्वतः पुसते. फोटोतल्या माणसाबद्दल तिला अजून आदर आहे. घरात वावरतो त्याच्याबद्दल ती वेगळं बोलते.

मग एका मोठ्या स्पर्धेत शेवटच्या फेरीत, जिंकलेला डाव ते हरले. एक घोडा जास्तीचा दिला आणि तो अंगाशी आला. एवढंच. माणसं याहून मोठी संकटं पचवून दुसऱ्या दिवशी कामावर जातात. पण दाजींनी त्या दिवसापासून काही म्हणजे काही द्यायचं सोडलं. पटावर प्यादंसुद्धा ते असं जपायला लागले की जणू घरचं माणूस परगावी निघालंय. आणि डाव जरा रंगात येतोय असं दिसलं, की मान वर करून हळूच विचारायचे, "बरोबरी?"

आता तुम्ही म्हणाल, असा माणूस पोट कसं भरतो? तर त्याची एक गंमत आहे. ग्रँडमास्टर हा किताब एकदा मिळाला की मरेपर्यंत राहतो. खेळ गेला तरी राहतो. आणि ज्यांना तो किताब हवा असतो, त्यांना तीन वेळा मोठी कामगिरी करून दाखवावी लागते. तिला नॉर्म म्हणतात. या नॉर्मची अट अशी, की तुमच्यासमोर निदान तीन तयार ग्रँडमास्टर बसलेले पाहिजेत. स्पर्धा भरवणारे दोन कसेबसे जमवतात. तिसऱ्यासाठी शोधाशोध सुरू झाली की आमच्या दाजींचा फोन वाजतो.

गेली कितीतरी वर्षं दाजींचा धंदा हाच. तिसरा ग्रँडमास्टर. येण्याजाण्याचा खर्च, राहायला खोली, दोन वेळचं जेवण आणि ठरलेलं मानधन. त्याबदल्यात त्यांनी नऊ दिवस वेळेवर येऊन खुर्चीत बसायचं. पहिल्या अकरा चाली ते डोळे मिटून खेळू शकतात आणि बाराव्या चालीला बरोबरीचं विचारतात. समोरचा पोरगा ग्रँडमास्टरकडून अर्धा गुण मिळतोय म्हणून खूश, दाजी लवकर कॅन्टीनला पोचतात म्हणून खूश. बुद्धिबळाच्या जगात त्यांना सगळे 'बाराचाली' म्हणतात. त्यांना ते माहीत आहे आणि त्याचं त्यांना काही वाटत नाही. वाटायचं ते सगळं ताईला वाटतं.

माझं चष्म्याचं दुकान आहे. स्पर्धा नसली की दाजी तिथे येऊन गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसतात, समोरच्या तक्त्यावरची अक्षरं वरून खाली आणि खालून वर वाचतात आणि माझा चहा पितात. माझी मुलगी सहा वर्षांची होती तेव्हा शाळा सुटल्यावर दुकानातच असायची. दोन रिकामटेकडी माणसं एका काउंटरला बसली की जे व्हायचं तेच झालं. दाजींनी तिला चाली शिकवल्या. घरी आम्ही तिला मुंगी म्हणतो, कारण ती दिसायला एवढीशी, कामाला संथ, आणि चावली की सोडत नाही. बाहेर सगळ्यांना बरोबरी वाटत फिरणारे दाजी या चिमुरडीला मात्र रोज हरवायचे, तेही अगदी मजा घेत. ती रडायची, फ्रॉकला नाक पुसायची आणि पुन्हा मोहरे मांडायला बसायची. मी एकदा म्हणालो, दाजी, लहान आहे, एखादा डाव सोडा की. तर म्हणाले, "तू गिऱ्हाइकाला मुद्दाम चुकीचा नंबर देतोस का?"

तेरा वर्षांनी मुंगीच्या हाती दोन नॉर्म होते. रेटिंगची अटही तिनं पार केली होती. राहिला होता तिसरा नॉर्म, आणि त्या एका नॉर्मनं आमच्या नाकी नऊ आणले होते. एकदा अर्ध्या गुणानं हुकला, एकदा ऐन स्पर्धेत ताप आला. मुंगीनं कॉलेज एक वर्ष बाजूला ठेवलं होतं. या खेपेला नाही झालं तर पुन्हा अभ्यासाला लागायचं, असं तिचं तिनंच ठरवलं होतं. ती बोलत नव्हती, पण हा शेवटचा प्रयत्न आहे हे घरातल्या खुर्च्यांनासुद्धा ठाऊक होतं.

स्पर्धा आमच्याच शहरात भरली. दहा खेळाडू, नऊ फेऱ्या, नॉर्मसाठी सात गुण. तिसरा ग्रँडमास्टर म्हणून एक परदेशी गृहस्थ यायचे होते, त्यांचं विमान चुकलं की व्हिसा चुकला, काहीतरी चुकलं. आदल्या संध्याकाळी आयोजकांनी घाईघाईत दाजींना बोलावलं. त्यांना त्या गृहस्थांचाच क्रमांक मिळाला आणि त्या क्रमांकाची गाठ मुंगीशी होती शेवटच्या फेरीत.

आठ फेऱ्या झाल्या. मुंगीचे सहा गुण. दाजींच्या आठही डावांत बरोबरी, आणि कॅन्टीनवाल्याशी घट्ट मैत्री. म्हणजे हिशोब सरळ होता. नवव्या फेरीत मुंगीनं दाजींना हरवलं तर ग्रँडमास्टर. बरोबरी झाली तर सगळं मुसळ केरात. आणि बरोबरी करण्यात दाजींचा हात धरणारा माणूस मिळणं कठीण.

त्या संध्याकाळी मी ताईकडे गेलो तर ती आधीच तोफा डागून बसली होती.

"अहो, आयुष्यभर त्या घोड्याचं दुःख करत बसलात. एक दिवस पोरीसाठी हरलात तर काय आभाळ कोसळणार आहे?"

"ठरवून हरणं म्हणजे चोरी," दाजी म्हणाले आणि भाकरीचा तुकडा मोडला.

"आणि बारा चालींत उठून कॅन्टीनमध्ये जाणं म्हणजे काय?"

"तो माझा खेळ आहे."

"मग उद्या काय करणार?"

"उद्या खेळणार," असं म्हणून त्यांनी पाण्याचा तांब्या तोंडाला लावला. पुढचं बोलणं टाळायची ही त्यांची जुनी रीत आहे. मी हात टेकले आणि घरी आलो.

दुसऱ्या दिवशी मुंगी आईबरोबर लवकरच स्पर्धेच्या ठिकाणी गेली. मी दुकान उघडलं, कारण तिथे जाऊन उभं राहण्याची माझी छाती नव्हती. एका गृहस्थांच्या नाकावर चाचणीची चौकट चढवून मी भिंगं बदलत होतो, तेवढ्यात ताई आली. चेहरा असा, की आत्ताच एखाद्या मोठ्या कामाचा फडशा पाडून आलीय.

"काळजी करू नकोस," ती म्हणाली. "ते आज जात नाहीत."

"म्हणजे?"

"आंघोळीला गेले, तशी मी न्हाणीघराला बाहेरून कडी लावली. घराची किल्ली घेऊन निघून आले. बसू देत दुपारपर्यंत."

मी हातातलं भिंग खाली ठेवलं. ताईला वाटलं, मी आनंदानं काम सोडलं.

"समोरचा आला नाही तर पूर्ण गुण मिळतो ना? इतकी वर्षं बुद्धिबळाशी संसार केलाय मी. एवढं मलाही कळतं."

"ताई," मी म्हणालो, "गुण मिळतो. पण न खेळलेला डाव नॉर्मला धरत नाहीत. आणि दाजी आलेच नाहीत तर तिच्यासमोर बसलेले ग्रँडमास्टर उरले दोन. तीन लागतात."

"मग?"

"मग ती आज कुणालाही हरवो, नॉर्म बुडाला."

ताई मटकन खुर्चीत बसली. एरवी तिच्या तोंडाला लागायची कुणाची टाप नाही. आज ती एवढंच म्हणाली, "मला कुणी सांगितलंच नाही रे." मला तिची दया आली. जगातल्या कुठल्याही बाईनं नवऱ्याला कोंडून भाचीचं भलं केलं असतं तर ते सार्थकी लागलं असतं. ग्रँडमास्टरच्या बायकोचंच नशीब वाकडं.

डाव दहाला सुरू होणार होता आणि उशिराला अर्ध्या तासाची सूट होती. मी त्या गृहस्थांना म्हणालो, आलोच, आणि ताईला स्कूटरवर मागे घेऊन निघालो. ते गृहस्थ तशीच चौकट घालून घरी गेले आणि दुसऱ्या दिवशी येऊन म्हणाले, हीच बरी आहे, हीच द्या.

ताईच्या घरात शुकशुकाट होता. माझी कल्पना अशी, की दाजी आतून दार बडवत असतील, ओरडून ओरडून घसा बसला असेल. कसला आवाज नाही. ताईच्या तोंडचं पाणी पळालं. तिनं कडी काढली, दार ढकललं.

आत दाजी पालथ्या बादलीवर बसले होते. कमरेला टॉवेल, अंग वाळून कोरडं ठक्क, डोळे मिटलेले.

"पाच मिनिटं," ते म्हणाले. "घोडा बघतोय."

"अहो, मी कडी लावली होती बाहेरून."

दाजींनी डोळे उघडले. "कशाला?"

यावर ताई जी भडकली. मघाशी रडकुंडीला आलेली बाई ती हीच का, असा प्रश्न पडावा. माणसाला तासभर कोंडून ठेवलं तरी त्याला पत्ता लागत नाही, मग मी या घरात असले काय नि नसले काय, असा तिचा मुद्दा होता आणि तो चुकीचा नव्हता. पण घड्याळात सव्वादहा वाजले होते. मी दाजींना शर्टात कोंबलं. बटणं वरखाली लागली, केस तसेच उभे. स्कूटरवर मागे बसवलं.

वाटेत मला राहवलं नाही.

"दाजी, आजवर तुमच्याकडे काही मागितलं नाही. एवढं एकदा करा."

"काय करू?"

"हरा."

दाजी पुढे वाकले. मग माझ्या कानाशी तोंड आणून म्हणाले, "मी सोडून दिलं आणि लोकांना कळलं, तर तिचा किताब जाईल. लोकांना नाही कळलं, तरी तिला कळेल. मग ती त्या किताबाचं काय करेल?"

"मग काय करणार तुम्ही? बाराव्या चालीला विचारणार?"

त्यांनी पुढे बोट दाखवलं. सिग्नल सुटला होता.

आम्ही पोचलो तेव्हा मुंगी एकटीच पटाशी बसली होती आणि दाजींचं घड्याळ चालू होतं. पंच सारखे मनगटाकडे बघत होते. दाजी उलट्यासुलट्या बटणांनी आत गेले, खुर्चीत बसले आणि पहिली चाल केली. मी आणि मुंगीची आई दोरीमागे उभे राहिलो. अकरा चाली नेहमीसारख्या झाल्या. बाकीचे डाव चालू होते, तरी बघायला आलेली सगळी माणसं हळूहळू आमच्या पटाकडे सरकली. त्यात कॅन्टीनवालाही होता.

बाराव्या चालीला दाजींनी मान वर केली. मुंगीकडे पाहिलं. माझ्या बायकोनं माझा दंड इतका आवळला की पुढे दोन दिवस दुखत होता. दाजींनी मान खाली घातली, आपल्या राजासमोरचं प्यादं उचललं आणि दोन घरं पुढे ढकललं.

पुढचा तासभर मी जे पाहिलं ते मी ताईच्या दिवाणखान्यातल्या फोटोत पाहिलं होतं. गालाखाली मूठ. मोहरे असे पुढे यायला लागले की मला बुद्धिबळ अर्धंमुर्धं कळत असूनही घाम फुटला. मग त्यांनी घोडा दिला. सरळ मुंगीच्या राजासमोर नेऊन देऊन टाकला. दोरीमागे कुजबुज झाली, पंचांनी बोट ओठांवर ठेवलं. मला तर संताप आला. या माणसानं वीस वर्षं कुणाच्या वाटेला जायचं नाही आणि हल्ला करायला शेवटी माझीच पोर सापडावी? बरोबरी केली असती तर निदान तिला हात हलवत परत येता आलं असतं.

मुंगीचे कान लालबुंद झाले होते. ती पाण्याची बाटली दोन्ही हातांत धरून बसली होती. दाजींनी अर्धा तास विचार केला. मग त्यांनी वजिरानं एक प्यादं मारून शह दिला. मुंगीनं राजा सरकवला. पुन्हा शह, पुन्हा राजा सरकला. असं करत करत तिचा राजा अख्खा पट ओलांडून सुखरूप निघून गेला आणि दाजींपाशी हल्ला करायला काही उरलं नाही. घोडा तर गेलाच होता. त्यांनी घड्याळ थांबवलं, कसाबसा हात मिळवला, सही केली आणि उठले. अभिनंदनाचा एक शब्द नाही.

मुंगी ग्रँडमास्टर झाली होती. तिची आई रडत होती, मी कुणाकुणाला मिठ्या मारत होतो. पण पाच मिनिटांत माझ्या लक्षात आलं, की लोक मुंगीपेक्षा दाजींचंच अभिनंदन जास्त करतायत. "वा बाराचाली, मन मोठं आहे." "भाचीसाठी शेवटी घोडा सोडलात." दुसऱ्या एका ग्रँडमास्टरनं तर लांबूनच डोळा मारला. दाजींचा चेहरा काळाठिक्कर. मलाही तेच वाटत होतं, खोटं कशाला बोलू. मी त्यांचा हात हातात घेऊन म्हणालो, दाजी, हे उपकार मी जन्मभर विसरणार नाही. त्यांनी हात सोडवून घेतला आणि चालत घरी निघून गेले.

दुपारभर आमच्या घरी फोन येत होते. प्रत्येकजण अभिनंदन म्हणायचा आणि मग आवाज खाली आणून विचारायचा, काकांनी सोडला ना? मुंगी ऐकत होती. आणलेल्या केकला तिनं हातसुद्धा लावला नाही. तेरा वर्षं ज्यासाठी घासली ते मिळालं आणि पोर सुतक असल्यासारखी भिंतीकडे तोंड करून बसली. मला ते बघवेना. संध्याकाळी केकसकट तिला घेऊन मी ताईकडे गेलो आणि दाजींना तोंडावर विचारलं.

"दाजी, खरं सांगा. सोडलात का?"

दाजी आतल्या खोलीत पट मांडून बसले होते. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी पाऊलभर मागे सरलो.

"दुपारपासून हेच शोधतोय," ते म्हणाले. "घोडा बरोबर होता. आंघोळीच्या वेळी मी तो तासभर तपासलाय. मग कुठे घसरलो? इथे शह दिला, इथे देण्यासारखं दुसरं काय होतं?"

मुंगी माझ्या मागे उभी होती. ती पुढे आली. तिनं शह देणारा वजीर उचलून मागे ठेवला आणि दाजींचा हत्ती धरून तो पटाच्या अगदी कडेला नेला. शह नाही, काही नाही. निवांत कोपऱ्यात जाऊन बसला.

दाजी बघत राहिले. मग त्यांनी तिच्या राजाला एका बाजूनं पळवून पाहिलं, दुसऱ्या बाजूनं पळवून पाहिलं. वाट नव्हती.

"हे तुला आत्ता दिसलं?"

"नाही. तुम्ही विचार करत होतात तेव्हाच."

"तेव्हा तुला माहीत होतं, की तू हरलीस?"

"हो. तुम्हाला दिसू नये म्हणून त्या घराकडे बघत नव्हते. हात कापत होते, म्हणून बाटली धरली."

"अर्धा तास?"

"अर्धा तास."

दाजी त्या हत्तीकडे बघत होते. मग ते इतक्या मोठ्यानं हसले की ताई स्वयंपाकघरातून धावत आली. त्यांनी फोन उचलला आणि पहिला लावला त्या डोळा मारणाऱ्या ग्रँडमास्टरला.

"डोळा कसला मारतोस? हत्ती कडेला न्यायचा होता. नाही दिसला मला. अर्धा तास बसलो होतो आणि नाही दिसला. हो, शहाच्या मोहात पडलो, नवशिक्यासारखा. तिला दिसला होता. पट मांड आणि बघ स्वतः."

मग त्यांनी पंचांना फोन लावला. मग आयोजकांना. मग वर्तमानपत्रातल्या कुणालातरी. इतकी वर्षं एक घोडा गेला म्हणून तोंड लपवणारा माणूस, आपण आज कसे ढळढळीत चुकलो ते ओरडून ओरडून सांगत होता, एकही तपशील न गाळता, कुणी मध्ये बोललं तर दटावून. ताई दाराला टेकून त्यांच्याकडे बघत होती. फोटोकडे बघते तशी. मला रडू फुटलं आणि मी ते आवरलं नाही.

मुंगीनं केकचं खोकं उघडलं. दाजी सहाव्या माणसाला हत्ती समजावून सांगत होते, तोवर ती दोन तुकडे खाऊन तिसऱ्याकडे वळली होती.